रशीदसाहेबांच्या नावाचं दगडफूल

आमच्या घरी काळा मसाला करायचा दिवस होता. मी लग्न होऊन हैदराबादला नुकतीच आलेली. परातीत भाजलेले धने, खोबरं, तीळ, आणि सुपात सासूबाईंनी निवडून ठेवलेलं दगडफूल. समोरच्या घरातले दत्तोपंत वसमतकर शेरवानी चढवून कॉलेजला निघाले होते. आमच्या दारात थबकले, "दगडफूल आणलंय वाटतं," म्हणत सरळ आत आले आणि सुपापाशी उकिडवे बसले. एक पापुद्रा उचलला, उलटा केला, नखाने त्याची साल खरवडली, खिशातून एक बुटकी बाटली काढली आणि काचेच्या काडीने त्यावर थेंब सोडला. आतलं पांढरं आधी पिवळं झालं आणि बघता बघता लालभडक. मी किंचाळलेच.

"अहो पंत, पोटात जायचंय ते!" सासूबाई म्हणाल्या.

"हा तुकडा नका घालू. पण काकू, दुकानदाराने तुम्हाला फसवलंय. यात तीन निरनिराळ्या जाती आहेत. एकच म्हणून विकतो लेकाचा."

"तिन्ही मसाल्यातच जाणार ना?"

"म्हणून काय झालं? आपण काय खातो ते माणसाला कळायला नको?"

आणि तो लाल झालेला तुकडा रुमालात बांधून ते निघून गेले. सासूबाईंनी कपाळाला हात लावला. मला म्हणाल्या, "घाबरू नको. गल्लीत यांना सगळे पत्थरफूल म्हणतात."

काचीगुड्यातली ती आमची गल्ली निम्मी मराठी होती. कोणी वकील, कोणी महसूल खात्यात, कोणी मास्तर. पिढ्यान्‌पिढ्या निजामाची नोकरी केलेली माणसं. घरात देवपूजा मराठीत, कचेरी उर्दूत आणि भाजीवालीशी भांडण तेलुगूत. आमचे वकीलसाहेब, म्हणजे माझे यजमान, उर्दूत दावे लिहीत आणि मला रागवायचं असलं तरी उर्दूतच रागवत. दत्तोपंत वनस्पतिशास्त्राचे प्रोफेसर. तेही स्वतः उर्दूत शिकलेले आणि उर्दूतच शिकवत. घरी बायको, जिला आम्ही सगळे अक्का म्हणायचो. मूलबाळ नाही. घरभर मात्र कागदाच्या पुड्या, प्रत्येक पुडीत एकेक पापुद्रा. अक्का म्हणायची, "सवत असती तर निदान स्वयंपाकात हात लावला असता."

मी शास्त्र शिकलेली नाही. पण दत्तोपंतांच्या समोर इतकी वर्षं काढल्यावर भिंतीलासुद्धा थोडंफार कळलं असतं. दगडफूल म्हणजे फूल नाही, झाड नाही आणि शेवाळही नाही. शेवाळ म्हटलं की पंत संतापत. ती बुरशी आहे. तिच्या अंगात हिरवं शेवाळ कोंडलेलं असतं. शेवाळ उन्हावर अन्न तयार करतं आणि बुरशी ते खाते. अशा बुरशांचं एक भलंमोठं खानदान आहे, त्याचं नाव पार्मेलिया. दगडावर नाहीतर खोडावर पानासारख्या पसरतात, कडा झालरीसारख्या उचललेल्या. त्यातली जात कोणती हे ठरवायचं तर वरून बघून भागत नाही. पोट काळं की तपकिरी, पोटावरचे धागे सरळ की फाटे फुटलेले, पाठीवर पीठ सांडल्यासारखी भुकटी की मोहरीहून बारीक बोंडं, वाट्या आल्यात का, आणि पोटॅशचा थेंब टाकला तर पिवळ्यावर थांबतं की लाल होतं. एवढं सगळं जुळलं तर जात ठरते. एक जुळलं नाही तर पुन्हा पहिल्यापासून.

यामुळे त्यांना प्रत्येक वस्तू उलटी करून बघायची खोडच लागली होती. "उलटून बघितलंत का?" हे त्यांचं पालुपद. भाकरी आली की उलटी. शाल आली की उलटी. आमच्या नणंदेला बघायला पाहुणे आले, तेव्हा शेजारी म्हणून पंतांना बसवलं होतं. मुलाकडच्यांनी मिठाईचं चांदीचं तबक पुढे केलं. पंतांनी मिठाई मांडीवरच्या रुमालात ओतली, तबक उलटं केलं आणि म्हणाले, "खालून पितळ आहे." लग्न मोडलं. सासूबाई महिनाभर त्यांच्याशी बोलल्या नाहीत. पुढे कळलं की त्या मुलाचं आधीच एक लग्न झालेलं होतं. तरी सासूबाई म्हणायच्या, "ते तबकावरून कळायचं काय कारण!"

पंतांचा एकच दोस्त, रशीदसाहेब. वयाने मोठे, पंतांचे आधी गुरू, मग त्याच कॉलेजात सहकारी. हे गृहस्थ गोल, हसरे, सदा पानाने तोंड रंगलेलं. आमचे पंत काटकुळे आणि कडवट. निजामाच्या राज्यात सुट्टी शुक्रवारची. दर शुक्रवारी नमाज आटोपून रशीदसाहेब टांगा घेऊन गल्लीत येत आणि दोघं बंजारा टेकड्यांकडे जात. तिथे तेव्हा वस्ती नव्हती, नुसते धोंडे. बरोबर अक्काच्या पुरणपोळ्या, रशीदसाहेबांच्या घरचे कबाब, एक छिन्नी आणि पाण्याचा लोटा. वाळलेला पापुद्रा काढायला गेलं तर त्याचा चुरा होतो, म्हणून आधी पाणी शिंपडायचं. पोळ्या रशीदसाहेब खायचे. कबाबाचं काय व्हायचं ते अक्काने कधी विचारलं नाही.

टेकडीशी पोचलं की रशीदसाहेब छत्री उघडून सावलीत बसत. "मैं बैठतूँ, तुम चढ़ो पंत." पंत धोंड्यांवर चढून पापुद्रे काढत आणि वरून ओरडून वर्णन सांगत. असाच एकदा रशीदसाहेबांनी पानाचा डबा शेजारच्या धोंड्यावर ठेवला. उचलताना त्याच्याबरोबर एक पापुद्रा निघून आला. पिवळसर हिरवा, अगदी साधा. त्यांनी तो पंतांच्या सवयीने उलटा केला आणि हाक मारली, "पंत, नीचे आओ. इसका पेट तो गोरा है."

पोट गोरं, भुकटी नाही, बोंडं नाहीत, आणि थेंबाला लाल. असं जुळणारं काही त्यांच्या पुस्तकांत नव्हतं. दोन वर्षं दोघांनी शोधलं, विलायतेहून पुस्तकं मागवली. पार्मेलियाच्या खानदानात ही नवी जात होती, अजून कोणी नाव न दिलेली.

नाव काय द्यायचं यावरून दोघं आमच्या ओट्यावर भांडत. नाव देणाऱ्याने स्वतःचं नाव द्यायचं नाही, अशी त्या शास्त्रातली रीत. रशीदसाहेब म्हणत, तू वर्णन लिही आणि तुझ्या वडिलांचं नाव दे. पंत म्हणत, मी वर्णन लिहिणार आणि तुमचंच नाव देणार. शेवटी पंतांचं चाललं. पार्मेलिया रशीदी. रशीदसाहेब हसून म्हणाले, "मियाँ, पत्थर पे नाम तो मरने के बाद लिखते हैं." आणि पुढचं पान लावायला घेतलं.

मला त्या वेळी ही सगळी पोरखेळासारखी गंमत वाटायची. पंतांना नाही वाटायची. ते मला एकदा म्हणाले होते, "वहिनी, मी वसमतहून आलो तेव्हा मला नीट लिहिता येत नव्हतं. या माणसाने मला घरी ठेवून शिकवलं. माझं सोवळं सांभाळायला वेगळी चूल मांडून दिली. त्याचं ऋण मी कशाने फेडू? निदान नाव तरी राहील." त्या दिवसापासून त्यांच्या आयुष्यात दुसरं काही उरलं नाही, असं म्हटलं तरी चालेल.

नाव कायम व्हायला दोन अटी होत्या. नव्या जातीचं वर्णन थोडं तरी लॅटिनमध्ये छापलेलं हवं. आणि जो आधी छापेल त्याचंच नाव चालतं, पुढे कोणी कितीही ओरडा केला तरी. बाकीचं पुस्तक कोणत्याही भाषेत लिहा. पंतांनी हैदराबाद राज्यातल्या साऱ्या पार्मेलियांवर उर्दूत पुस्तक लिहिलं. आमच्या मराठी ग्रंथालयातल्या मंडळींनी विचारलं, मराठीत का नाही? पंत म्हणाले, "मराठीत मला ‘जेवलास का’ विचारता येतं. बुरशीचं वर्णन करायला मला कोणी मराठीत शिकवलंय?" लॅटिनच्या चार ओळी त्यांनी सिकंदराबादच्या मिशनातल्या एका म्हाताऱ्या पाद्र्याकडून लिहून घ्यायचं ठरवलं.

पुस्तक छत्ता बाजारातल्या एका लिथो छापखान्यात गेलं. तिथली पद्धत अशी, की कातिब बोरूने सुंदर अक्षरात पानं लिहिणार, ती छापायच्या दगडावर उतरवणार आणि दगडावरून छपाई होणार. कातिबाला रोमन अक्षरं येत नसत. जिथे ती यायची तिथे तो जागा कोरी सोडून पुढे जायचा, आणि रोमन लिहिणारा दुसरा माणूस मागाहून येऊन ती भरायचा. सगळ्याच छापखान्यांत हे असंच चालत असे, त्यात कोणाला काही वावगं वाटत नसे.

पण दिवस वाईट आले होते. देश स्वतंत्र झाला आणि आमचं राज्य मात्र अधांतरी. रझाकारांच्या फेऱ्या निघत होत्या, लोक रातोरात शहर सोडत होते. तो रोमन लिहिणारा माणूसही कुठेतरी पळून गेला. पंत पाद्रीबाबांकडून लॅटिन तपासून घेऊन सिकंदराबादहून परत आले, ते थेट छापखान्यात गेले. तिथे पानं छापून दोरीवर वाळत घातलेली होती. मालकाने वाट न बघता छापून टाकलं होतं. "हालात देखो साब," तो म्हणाला, "कल छापखाना रहता कि नहीं रहता." पार्मेलिया रशीदी हे नाव उर्दू अक्षरांत होतं आणि त्याच्या खाली चार ओळींची कोरी जागा. दगड घासून साफही झाले होते, म्हणजे पुन्हा छापायची सोय नाही.

पंत त्या दिवशी जेवले नाहीत. रशीदसाहेब समजूत घालायला आले. "चार सतरें तो हैं, पंत. फिर छाप लेंगे." चार ओळी तर आहेत. खरंच, चारच ओळी होत्या.

आम्ही सगळे सोलापूरला निघालो. अक्काही आमच्याबरोबर आली. पंत आले नाहीत. सासूबाईंनी हातापाया पडून सांगितलं, तरी म्हणाले, "रोमन लिहिणारा कोणीतरी मिळेलच." शहर जळायची वेळ आली आणि हा माणूस अक्षर लिहिणारा शोधत हिंडत होता. अक्का सोलापूरच्या धर्मशाळेत बसून रोज त्यांना शिव्या द्यायची आणि रोज रडायची.

पोलीस ॲक्शन झाली, आम्ही परतलो. गल्लीत पेढे वाटले गेले. मीही वाटले, खोटं कशाला बोलू. पंत जिवंत होते, पण ‘रझाकारांचा मास्तर’ हे नाव त्यांना चिकटलं होतं. सगळे पळाले तेव्हा हा एकटाच का राहिला, याचा अर्थ ज्याने त्याने लावला. ज्यांना पंतांनी फुकट शिकवलं होतं, ते लोक रस्त्यात तोंड फिरवायला लागले. आमचे वकीलसाहेबसुद्धा म्हणाले, "त्यांच्याकडे जरा कमी जात जा." मी म्हटलं, "तुम्ही जाऊ नका, मी जाणार." आमच्या घरात महिनाभर अबोला होता.

रशीदसाहेबांचं काय झालं ते वेगळंच. त्यांचे थोरले भाऊ मराठवाड्यातल्या एका गावात होते. पोलीस ॲक्शननंतर तिथे त्यांचं आणि त्यांच्या मुलांचं जे झालं, ते मला लिहवत नाही. आम्ही सगळ्यांनी ते ऐकलं होतं आणि त्यावर कोणीही एक शब्द बोललं नाही. करणारे आपलेच होते ना! रशीदसाहेब बायकामुलांना घेऊन मुंबईहून कराचीला गेले. जायच्या आधी पंतांकडे आले. तोंडात पान नव्हतं. त्यांना तसं मी पहिल्यांदाच बघितलं. अक्काने पुरणपोळी वाढली, त्यांनी अर्धी खाल्ली. उठताना म्हणाले, "ख़त लिखते रहना, पंत."

पंत म्हणाले, "आधी नाव छापतो. छापलेल्या पानासकटच लिहीन."

त्यांच्या अटीच असल्या.

त्याच सुमारास आमच्या ग्रंथालयाच्या सभागृहात सलोख्याची सभा झाली. मोठे पुढारी आले होते. त्यांना कोणीतरी पढवलं असावं. ते म्हणाले, "आपल्या दख्खनच्या दगडावरचं हे दगडफूल पाहा! दोन भिन्न जीव किती प्रेमाने एकत्र नांदतात! हिंदू आणि मुसलमान असेच नांदू देत!" टाळ्या पडल्या. आणि मागच्या रांगेतून पंत उठले. मी बायकांत बसले होते.

"चूक आहे," पंत म्हणाले. "त्यात प्रेम वगैरे काही नाही. बुरशी शेवाळाला कोंडून ठेवते आणि खाते. शेवाळ सुटं जगू शकतं. बुरशीला त्याच्याशिवाय जगता येत नाही. वर नाव लागतं ते फक्त बुरशीचं. याला तुम्ही सलोखा म्हणत असाल तर म्हणा, पण मग बुरशी कोण आणि शेवाळ कोण तेही सांगा."

 मग जो गदारोळ उठला! एकाला वाटलं, हा हिंदूंना बुरशी म्हणाला. दुसऱ्याला वाटलं, मुसलमानांना म्हणाला. दोन्हीकडचे लोक एकदिलाने त्यांच्या अंगावर धावले. सलोखा झाला तो तेवढाच. घरी येताना मी म्हटलं, "पंत, गप्प बसला असतात तर काय बिघडलं असतं?" म्हणाले, "वहिनी, रशीदसाहेब आत्ता कुठे राहतायत माहीत आहे? निर्वासितांच्या छावणीत. आणि हे मला दगडफुलाचं प्रेम सांगतात!" त्यांचे डोळे भरून आले होते.

मग कॉलेजात सगळंच बदललं. उर्दू गेली, इंग्रजी आली. सुट्टी शुक्रवारची रविवारी गेली. विभागप्रमुख म्हणून पुण्याहून डॉ. पाटणकर आले. आपला मराठी माणूस आला म्हणून गल्लीत आनंद. मी स्वतः त्यांना जेवायला बोलावलं, बासुंदी केली. जीभ कशी झडली नाही माझी तेव्हा आग्रह करताना! गोरेगोमटे, मृदू बोलणारे. पंतांना म्हणाले, "तुमचं काम फार मोलाचं आहे, पण उर्दूत ते कोण वाचणार? इंग्रजीत लिहा. मी नियतकालिकात पाठवतो."

आता सांगायला हवं की पंत सरकारी नोकर. परवानगीशिवाय बाहेर काही पाठवता येत नसे, आणि पापुद्र्यांच्या मूळ पुड्या विभागाच्या कपाटात जमा झाल्या होत्या. किल्ली पाटणकरांकडे. म्हणजे त्या चार ओळी छापायच्या तर पाटणकरांच्याच हातून. पंतांनी मुकाट्याने मान्य केलं. या वयात माणूस इंग्रजी लिहायला बसला. आमच्या वकीलसाहेबांना, जे त्यांच्याशी बोलत नव्हते, त्यांना येऊन विचारायचे, "इथे ‘हॅज’ की ‘हॅव’?" वकीलसाहेबांचाही राग हळूहळू विरघळला. तीन पावसाळे खपून लेख पुरा झाला.

पाटणकरांनी तो वाचला, पंतांची पाठ थोपटली आणि म्हणाले, "फक्त नाव तेवढं बदलू." विभागाला नवी प्रयोगशाळा हवी होती. ज्या बड्या अधिकाऱ्याच्या सहीने ती मिळणार होती, त्याचं नाव द्यायचं. "आणि हे रशीद तर पाकिस्तानात गेलेत, पंत. कोणाला वाईट वाटणार आहे?"

"मला," पंत म्हणाले.

हे सगळं मला अक्काने सांगितलं. पाटणकरांनी पुष्कळ प्रयत्न केले, हेही कबूल करायला हवं. पंतांना बढती देऊ म्हणाले, लेखावर पहिलं नाव पंतांचंच राहील म्हणाले. विद्यार्थ्यांनी समजावलं, आमच्या वकीलसाहेबांनी समजावलं. मीही म्हटलं, "पंत, जात तर तीच राहते ना? तिला काय कळतंय तिचं नाव काय आहे!" ते माझ्याकडे असे बघत राहिले की मी उठून घरी आले. लेख पाटणकरांच्या खणात पडून राहिला.

इकडे अक्का त्यांच्या मागे लागलेली. "अहो, कराचीला एक कार्ड टाका. माणूस वाट बघत असेल."

"काय लिहू? अजून छापलं नाही म्हणून?"

"जेवलो, झोपलो, पाऊस पडला, असं लिहा. माणसं काय लिहितात?"

"मी शब्द दिलाय. पान पाठवीन तेव्हाच लिहीन."

मला आजही त्या हट्टाचा संताप येतो. रशीदसाहेबांनीही पुढे लिहिलं नाही. आधी एकदोन पत्रं आली होती, ती पंतांनी देव्हाऱ्याखालच्या फडताळात ठेवली. मग तीही थांबली. वाट बघून बघून माणूस किती बघणार?

छप्पन साली हैदराबाद राज्याचे तुकडे झाले. मराठवाडा मुंबई राज्यात गेला, आम्ही आंध्रात राहिलो. गल्लीतली निम्मी बिऱ्हाडं औरंगाबादला गेली. पंतांनाही तिकडे चांगली जागा मिळत होती. गेले नाहीत. कारण धोंडे इथे होते आणि खणातला लेखही इथे. पाटणकर मात्र गेले, वरच्या जागेवर, दूर कुठेतरी. जाताना सत्कार झाला. पंतांनी हारही घातला. हार घालताना त्यांनी विचारलं, "माझा लेख?" पाटणकर हसले, "अहो, सुरक्षित आहे."

त्यानंतर दुसऱ्या की तिसऱ्या वर्षी तो छापून आला. लेखक डॉ. पाटणकर. गोरं पोट, भुकटी नाही, बोंडं नाहीत, थेंबाला लाल. पाद्रीबाबांच्या लॅटिनच्या चारही ओळी जशाच्या तशा. नाव त्या अधिकाऱ्याचं. शेवटी बारीक अक्षरात, पापुद्रे गोळा करण्यास स्थानिक मदतनीस वसमतकर यांचे साहाय्य झाले, म्हणून आभार.

जो आधी छापेल त्याचं नाव. हा नियम पंतांनीच आम्हा सगळ्यांना शिकवलेला. वकीलसाहेब तावातावाने म्हणाले, "दावा ठोकू!" पंत म्हणाले, "कशाचा? नियमाने बरोबर आहे. माझं पुस्तक लॅटिनशिवाय छापलं, ते छापल्यात जमा नाही." स्वतःचं नाव लेखावर नाही याबद्दल त्यांनी चकार शब्द काढला नाही. संध्याकाळी अक्का मला म्हणाली, "त्यांनी मला विचारलं, आता रशीदला काय तोंड दाखवू?" त्यांच्या मनात खुपत होतं ते एवढंच. एक मोठा अधिकारी, ज्याने आयुष्यात कधी दगडफूल उलटून बघितलं नसेल, तो त्या शास्त्रात अमर झाला. त्याला ते माहीत तरी होतं की नाही, देव जाणे. प्रयोगशाळा मात्र झाली. चांगली मोठी झाली.

पंत निवृत्त झाले, अक्का गेली. बंजारा टेकड्यांवर बंगले उठायला लागले, सुरुंगांनी धोंडे फुटायला लागले. पंत घराबाहेर पडेनासे झाले. मी दोन्ही वेळा डबा द्यायची. डबा घेताना ते "बरं" म्हणायचे. ही तिखट जिभेची असामी, आणि दिवसभरात तेवढाच एक शब्द.

बऱ्याच वर्षांनी एका दुपारी रिक्षातून एक बाई उतरल्या. चाळिशीच्या, सुती सलवार कमीज, डोक्यावर ओढणी. चुलतबहिणीच्या मुलीच्या लग्नाला कराचीहून इथल्या नामपल्लीत आल्या होत्या. मोजक्या दिवसांचा परवाना, रोज पोलिसांत हजेरी, त्यातून वेळ काढून पत्ता शोधत आलेल्या. रशीदसाहेबांची धाकटी मुलगी, सलमा. टांग्यात बापाच्या मांडीवर बसून गल्लीत यायची, ती. मी तिला पंतांकडे नेलं.

पंत उठून उभे राहिले. सलमाने वाकून आदाब केला. अब्बा चार वर्षांपूर्वी गेले म्हणाली. पंत खाली बसले. मी चहा ठेवला. मग पंतांनी कोर्टात कबुली द्यावी तसं उर्दूत सगळं सांगितलं. कोऱ्या चार ओळी, पाटणकर, बदललेलं नाव. कशातच स्वतःला सवलत दिली नाही. शेवटी म्हणाले, "बेटी, मैं तुम्हारे अब्बा का नाम नहीं बचा सका."

सलमा गोंधळून माझ्याकडे बघायला लागली. "कौनसा नाम, चचा?"

"पार्मेलिया रशीदी. पत्थरफूल का. अब्बा ने कभी बताया नहीं?"

"नहीं तो." तिने आठवायचा प्रयत्न केला. "पत्थर, छत्री, पुरनपोली, ये सब सुनाते थे. नाम का तो कभी नहीं बोले." मग ती थोडी घुटमळली. "चचा, एक बात पूछूँ? बुरा मत मानना. अब्बा आख़िर तक आपका पूछते थे. हैदराबाद से कोई भी आए, पहले आपका. कहते थे, पंत मुझसे नाराज़ हो गया. मैं उसको वहाँ अकेला छोड़ के आ गया, इस लिए ख़त नहीं लिखता. आप सच में नाराज़ थे?"

 पंतांनी नुसती मान हलवली, नाही, नाही. सलमाने त्यांचा हात धरला. "कोई बात नहीं, चचा," ती म्हणाली, आणि तिचंही रडू फुटलं.

तिची हजेरीची वेळ झाली होती, निघावंच लागलं. पंत तिला पोचवायला रस्त्यापर्यंत आले, कितीतरी दिवसांनी. रिक्षा वळून दिसेनाशी झाली तरी ते उन्हात तिथेच उभे. मी म्हटलं, "पंत, चला घरात."

"वहिनी," ते म्हणाले, "त्याला वाटलं मी रागावलो."

 मी त्यांचा दंड धरला. ते हलले नाहीत. रस्त्यावरून जाणारा एक ओळखीचा माणूस थांबून बघायला लागला, तर पंत त्यालाही तेच सांगायला लागले, "त्याला वाटलं मी रागावलो." तो माणूस माझ्याकडे बघून कसनुसं हसला आणि पुढे गेला.